स्मूथ ब्रोम गवत: ओळख, वैरण आणि कापणीची वेळ – वारंवार विचारले जाणारे प्रश्न

मे महिन्यात नेब्रास्का, कॅन्सस, आयोवा किंवा दक्षिण डाकोटातून गाडीने जाताना रस्त्याच्या दोन्ही बाजूंना गुडघाभर उंचीचे, दाट, निळसर हिरवे गवत दिसते. त्यातले बरेचसे स्मूथ ब्रोम असते. कृषी शाखेचे विद्यार्थी, तिकडे चार-पाच एकर जमीन घेऊन घोडी किंवा शेळ्या पाळणारी मराठी कुटुंबे आणि व्हिडिओत हे कुरण पाहून चौकशी करणारे आपल्याकडचे दूध उत्पादक, या सगळ्यांचे प्रश्न इथे एकत्र घेतले आहेत. या गवताची बहुतेक कोडी एकाच किल्लीने उघडतात. ती किल्ली म्हणजे कांडी धरण्याचा, म्हणजे खोडाची पेरी लांबून ते उंच होऊ लागण्याचा काळ. त्यामुळे तो विषय पुढे वारंवार येईल.

स्मूथ ब्रोम म्हणजे नेमके कोणते गवत?

शास्त्रीय नाव ब्रोमस इनर्मिस. लाइसर या जर्मन वनस्पतिशास्त्रज्ञाने १७६१ साली हाले परिसराच्या वनस्पतींची नोंद करताना त्याचे वर्णन केले. हे बहुवर्षायू गवत मूळचे युरोप आणि आशियाच्या समशीतोष्ण पट्ट्यातले. तृणकुळात ब्रोमची शाखा गहू आणि जव यांच्या शाखेला अगदी लागून आहे, म्हणून गव्हाचे पीक जवळून पाहिलेल्या माणसाला हे गवत पटकन उमगते. फुटवे, कांडी, पोटरी (तुरा अजून पानाच्या आवरणात), निसवणे (तुरा बाहेर पडणे) या गव्हाच्या सगळ्या अवस्था इथेही त्याच क्रमाने येतात. फरक इतकाच की गहू एका हंगामात संपतो आणि ब्रोम जमिनीखालच्या खोडांवर वर्षानुवर्षे जगतो.

तुरा आलेला नसताना ते कसे ओळखायचे?

पानाचा आवरक, म्हणजे खोडाला वेढणारा खालचा भाग, बघा. बहुतेक गवतांत तो एका बाजूने उभा चिरलेला असतो आणि कडा एकमेकींवर येतात. ब्रोममध्ये तो जवळजवळ वरपर्यंत बंद नळीसारखा असतो, फक्त टोकाला लहानशी खाच राहते. ही खूण सर्वांत भरवशाची. शेतात दोन बोटांनी आवरक सोलून पाहिला की एका मिनिटात निकाल लागतो.

दुसरी खूण पानाच्या पात्यावर असते. पात्याच्या मध्याच्या आसपास इंग्रजी डब्ल्यू अक्षरासारखी आडवी, किंचित दबलेली रेघ दिसते. ती प्रत्येक पानावर असेलच असे नाही, पण चार-पाच पाने तपासली की सापडते. पाते रुंद, साधारण ५ ते १५ मिलिमीटर, आणि बहुधा गुळगुळीत. पाते आणि आवरक जुळतात तिथला पातळ पापुद्रा, म्हणजे जिव्हिका, फार आखूड, १ ते २ मिलिमीटरची असते आणि खोडाला कवटाळणारे कर्णक नसतात. क्वॅकग्रास नावाचे तण जमिनीखाली असेच पसरते, पण त्याला कर्णक स्पष्ट दिसतात. ऑर्चर्डग्रास या दुसऱ्या चाऱ्याच्या गवताचे फुटवे बुडाशी चपटे असतात आणि त्याची जिव्हिका लांब असते.

तुरा आणि बी यांची रचना कशी असते?

झाड ६० ते १२० सेंटिमीटर उंच होते. तुरा १० ते २० सेंटिमीटरचा असून त्याच्या फांद्या पेऱ्यापेऱ्यावर झुबक्याने निघतात. फुलोऱ्यात तो मोकळा पसरतो आणि पिकताना आवळून तांबूस-तपकिरी होतो. तुऱ्यातला प्रत्येक छोटा झुपका, म्हणजे कणिशका, लांबट असते, तिच्यात साधारण ७ ते १० पुष्पिका (बारीक फुले) असतात. बऱ्याच ब्रोमना लांब कुसळे असतात. याला ती नसतात किंवा जेमतेम २-३ मिलिमीटरची असतात. वैरणीच्या दृष्टीने ही मोठी सोय आहे, कारण कुसळे जनावराच्या तोंडात आणि डोळ्यांत टोचतात.

परागण वाऱ्याने आणि मुख्यतः परपरागण. लागवडीतले बहुतेक प्रकार अष्टगुणित आहेत, म्हणजे ७ च्या मूळ संचावर ५६ गुणसूत्रे. २८ गुणसूत्रांचेही नमुने आढळतात. बी चपटे आणि हलके असते, किलोत सुमारे ३ लाख दाणे बसतात.

याला थंड हंगामाचे गवत का म्हणतात?

ज्वारी, मका, मारवेल, पवना ही उष्ण हंगामाची गवते सी-४ पद्धतीने, म्हणजे उष्णतेला जुळणाऱ्या प्रकाशसंश्लेषणाने, हवेतला कार्बन पकडतात. ब्रोम गव्हासारखाच सी-३ पद्धतीचा आहे. १८ ते २४ अंश सेल्सियस तापमानात त्याची वाढ उत्तम होते आणि पारा तिशी ओलांडून गेला की ती मंदावते. नेब्रास्कात बर्फ वितळला की मार्च-एप्रिलमध्ये ते हिरवे होते, वर्षाच्या उत्पादनाचा निम्म्याहून मोठा वाटा जूनअखेर देऊन टाकते, जुलै-ऑगस्टमध्ये जवळजवळ झोपते आणि सप्टेंबरच्या गारव्यात पुन्हा थोडे वाढते.

तुऱ्याचे गणितही थंडीशीच बांधलेले आहे. शरद ऋतूतले लहान दिवस आणि गारठा अनुभवलेल्या फुटव्यांनाच पुढच्या वसंतात दिवस मोठे झाले की तुरा येतो. म्हणून जूनमधल्या कापणीनंतर जी वाढ येते तिच्यात तुरे क्वचितच असतात, बहुतेक पानेच असतात.

कापणी केव्हा करायची? एकच तारीख सांगता येईल का?

तारीख सांगता येत नाही, अवस्था सांगता येते. या पानावरचे बाकी काही वाचले नाही तरी चालेल, एवढे उत्तर मात्र नीट वाचा.

वसंताच्या सुरुवातीला प्रत्येक फुटव्याचा वाढबिंदू जमिनीलगत असतो. तेव्हा जनावराने पाने खाल्ली तरी वाढबिंदू वाचतो आणि तोच फुटवा पुन्हा पान काढतो. मग कांडी धरायला लागते. पेरी लांबतात आणि वाढबिंदू खोडातून वर वर चढतो. साधारण मेच्या पहिल्या पंधरवड्यात पूर्व नेब्रास्कात हा टप्पा येतो. उत्तरेकडे जाल तसा उशिरा. या वेळी कापले तर पात्याबरोबर वाढबिंदूही जातो आणि तो फुटवा संपतो.

नवे फुटवे बुडातल्या आणि भूमिगत खोडांवरच्या डोळ्यांमधून यायला हवेत. पण नेमक्या याच काळात ते डोळे दबलेले असतात, कारण वर चढणारा शेंडा त्यांना थोपवून धरतो. शिवाय उंच खोड उभे करण्यात मुळांजवळचा अन्नसाठा खर्ची पडलेला असतो. म्हणजे जुना फुटवा गेला, नवा तयार नाही आणि खर्चायला शिल्लकही नाही, अशी तिहेरी अडचण होते. त्या शेतात पुढचे कित्येक आठवडे धसकटांखेरीज काही दिसत नाही. रिकाम्या जागेत तण घुसते आणि दोन-तीन वर्षे हेच घडले तर कुरण विरळ होऊन जाते.

निसवण्याला सुरुवात झाली की चित्र पालटायला लागते. फुलोऱ्यापर्यंत साठा पुन्हा भरत येतो आणि बुडातले डोळे जागे होतात. तेव्हा कापले तर नवे फुटवे आधीच निघालेले असतात. म्हणून वाळल्या वैरणीसाठी तुरा बाहेर पडण्यापासून फुलोऱ्याच्या सुरुवातीपर्यंतचा काळ धरावा. प्रथिनांच्या लोभाने आठवडाभर आधी यंत्र घालण्याचा मोह होतो, कारण पोटरीतले गवत खरोखरच पौष्टिक असते. माझे स्पष्ट मत असे, की जे कुरण दहा-पंधरा वर्षे टिकवायचे आहे त्यात हा मोह टाळावा.

अवस्था ओळखायला सोपा उपाय: काही फुटवे बुडापासून उपटा, धारदार चाकूने उभे चिरा आणि आतली पेरी बघा. बुडाशीच दाटीने असतील तर वाढबिंदू अजून खाली आहे. पहिले पेर लांबून टणक झाले असेल तर तो वर निघाला.

मग गुरे चारायला कधी सोडायची?

गवत १५ ते २० सेंटिमीटर झाले की चराई सुरू करता येते आणि ८ ते १० सेंटिमीटर उरले की गुरे हलवावीत. कुरणाचे तुकडे पाडून फिरती चराई ठेवणे ब्रोमला मानवते. एप्रिलमध्ये लवकर सुरुवात केली तर निदान काही तुकड्यांत गवत पानांच्या अवस्थेत रोखून धरता येते. कांडी धरलेला तुकडा बुडापर्यंत ओरबाडू देऊ नये. तसा प्रसंग आलाच तर पुढच्या वर्षी त्या काळात दुसरा तुकडा निवडावा, म्हणजे दरवर्षी एकाच जागेवर आघात होणार नाही. उन्हाळ्यात गवत थांबलेले असताना त्याच कुरणात गुरे ठेवणे ही सर्वांत जास्त दिसणारी चूक. शरदातही बेताने चारावे, कारण पुढच्या वसंताचे फुटवे तेव्हाच तयार होत असतात.

पोषणमूल्य किती? विषबाधेची भीती आहे का?

कोवळ्या पानांत कोरड्या वजनाच्या १८ टक्के किंवा त्याहून अधिक प्रथिने मिळू शकतात. तुरा येताना ती १२ टक्क्यांच्या आसपास उतरतात आणि बी पिकल्यावर ६ टक्क्यांजवळ येतात. पिकलेले ब्रोम पोट भरते, दूध देत नाही. कॅन्सस-नेब्रास्कात घोडी पाळणारे लोक ब्रोमचे गठ्ठे आवर्जून मागतात, कारण ते पानाळ, मऊ आणि जनावरांना आवडणारे असते.

टॉल फेस्क्यू या गवतात एक बुरशी आतून राहते आणि तिच्यामुळे गाई-घोड्यांना त्रास होतो. स्मूथ ब्रोममध्ये तो प्रश्न नाही. पोटफुगीही ब्रोममुळे होत नाही. लसूणघासाच्या मिश्रणात ती होऊ शकते. भरपूर नत्र दिल्यावर दुष्काळ पडला तर मात्र गवतात नायट्रेट साठू शकते. अशा वेळी वैरण तपासून घ्यावी.

अमेरिकेत ते पोहोचले कसे?

१८८४ साली कॅलिफोर्नियाच्या कृषी प्रयोग केंद्राने ते आणले असे मानले जाते. कॅनडात ते १८८८ च्या सुमारास उत्तर जर्मनीतून आले. पुढे दक्षिण डाकोटाचे नील्स हॅन्सन १८९७-९८ मध्ये रशियात गेले आणि थंडी-दुष्काळ सोसणाऱ्या चारापिकांचे बियाणे घेऊन परतले, त्यात ब्रोमही होते.

तरी त्याचे खरे भाग्य उजळले ते १९३० च्या दशकातल्या दुष्काळात. धुळीच्या वादळांत कुरणेच्या कुरणे गेली, पण नेब्रास्का, कॅन्सस आणि आयोवातल्या काही जुन्या शेतांत ब्रोम तग धरून राहिले. त्या शेतांतले बियाणे गोळा करून लिंकन (१९४२) आणि अखेनबाख (१९४४) हे वाण पुढे आले. निवड प्रयोगशाळेत झाली नव्हती, दुष्काळाने केली होती. माती धरून ठेवण्यासाठी उतारांवर आणि पाणी वाहून नेणाऱ्या गवती चरांत ते मोठ्या प्रमाणावर लावले गेले.

या वाणांना दक्षिणी प्रकार म्हणतात. ते जोमाने पसरतात आणि उष्णता जास्त सोसतात. कॅनडाकडचा उत्तरी प्रकार कमी पसरतो आणि मिश्रणात बरा राहतो. सस्कॅटूनचा कार्लटन (१९६१) हा त्यातला. जिथे शेत, तिथला प्रकार घ्यावा. स्वस्त मिळाले म्हणून दुसरीकडचे बियाणे घेऊ नये.

पेरणी कशी करतात?

कॅन्सस-नेब्रास्कात ऑगस्टच्या मध्यापासून सप्टेंबरच्या मध्यापर्यंतची पेरणी पसंत करतात, कारण तेव्हा तणांचा जोर ओसरलेला असतो. वसंतातही पेरता येते. जमीन भुसभुशीत नको, दाबून घट्ट केलेली हवी. बी ०.६ ते १.२ सेंटिमीटरपेक्षा खोल गेले तर उगवण घटते. एकट्या ब्रोमसाठी हेक्टरी ११ ते २२ किलो उगवणक्षम बियाणे लागते. हलके, भुसकट बी पेरणीयंत्राच्या पेटीत अडकून राहते, म्हणून त्यात भाताचे तूस किंवा भरडलेले धान्य मिसळतात. पहिल्या वर्षी फार अपेक्षा ठेवू नयेत. गवत आधी मुळे आणि भूमिगत खोडे बसवते.

चार-पाच वर्षांनी गवत दाट दिसते पण वाढत नाही. काय बिघडले?

कुरण जाळीत अडकले. मुळे आणि भूमिगत खोडे यांची घट्ट गादी तयार होते, जमिनीतले नत्र त्या मेलेल्या-जिवंत मुळांत बंदिस्त होते आणि गवत पिवळट, बुटके, बिनतुऱ्याचे राहते. अनेकांना वाटते की दाटी झाली, म्हणून ते जमीन फाडतात. दुखणे बहुतेक वेळा दाटीचे नसून नत्राच्या उपासमारीचे असते. नत्र दिले की तेच गवत हिरवेगार होते.

पाऊस पुरेसा असलेल्या पूर्व पट्ट्यात हेक्टरी साधारण ७० ते १३० किलो नत्र हिवाळा सरता सरता देतात. पश्चिमेला पाऊस कमी, तिथे मात्राही कमी. स्फुरद माती परीक्षणानुसार. नीट खत दिलेल्या शेतात एकरी २ ते ४ टन वाळली वैरण मिळते. उपाशी शेतात एक-दीड टनावर समाधान मानावे लागते.

लसूणघासाबरोबर लावले तर नत्राचा खर्च वाचेल ना?

वाचेल, आणि हे मिश्रण जुने व चांगले आहे. द्विदल नत्र पुरवते, ब्रोम पोटफुगीचा धोका कमी करते आणि जमीन झाकते. अडचण कापणीच्या वेळापत्रकात आहे. लसूणघास कळी अवस्थेत कापतात आणि त्याच वेळी ब्रोमने नुकतीच कांडी धरलेली असते. वर्षात चार कापण्या घेतल्या तर ब्रोम काही वर्षांत शेतातून नाहीसे होते. दोन किंवा फार तर तीन कापण्या घेणार असाल, पहिली थोडी थांबून करणार असाल, तरच ही जोडी टिकते. जास्त कापण्या हव्या असतील तर लसूणघासाला ऑर्चर्डग्रासची सोबत द्यावी.

मेडो ब्रोम वेगळे आहे का?

हो. त्याची पाने केसाळ असतात, बहुतेक बुडाशीच असतात आणि भूमिगत खोडे आखूड असतात. मोठा फायदा म्हणजे कापल्या-चारल्यावर ते असलेल्या फुटव्यांमधूनच पुन्हा पाने काढते, नव्या डोळ्यांची वाट पाहत नाही. म्हणून चराईसाठी मेडो आणि एका मोठ्या कापणीसाठी स्मूथ, अशी विभागणी योग्य ठरते. तुर्कस्तानातल्या कार्स भागातून आणलेल्या बियाण्यापासून निवडलेला रेगर हा वाण आयडाहोतून १९६६ मध्ये आला. सस्कॅटूनच्या पैदासकारांनी पुढे दोन्ही जातींचा संकरही तयार केला.

हे गवत आक्रमक आहे असे वाचले. खरे आहे?

खरे आहे, आणि वैरणीचे गुण सांगताना हे लपवणे बरोबर नाही. भूमिगत खोडांनी ते रस्त्याच्या कडेवरून, चरांमधून मूळ प्रेअरीत, म्हणजे तिथल्या नैसर्गिक गवताळ माळरानात शिरते. तिथली मोठी देशी गवते उष्ण हंगामाची. ती जागी होईपर्यंत ब्रोमने ओल, प्रकाश आणि नत्र घेतलेले असते. फुलझाडांची विविधता घटते. डाकोटा स्किपर हे छोटे फुलपाखरू २०१४ पासून अमेरिकेच्या संकटग्रस्त जातींच्या यादीत आहे. त्याच्या अळ्या लिटल ब्लूस्टेमसारख्या देशी गवतांवर वाढतात, आणि ब्रोमचा शिरकाव हे त्याचा अधिवास बिघडण्याचे एक कारण आहे.

इथे कांडीचा काळ उलट बाजूने कामी येतो. शेतकरी ज्या वेळी कापायला घाबरतो, नेमक्या त्याच वेळी प्रेअरी जपणारे लोक नियंत्रित आग लावतात किंवा जोरदार चराई करतात. वाढबिंदू वर आलेला, साठा रिता. ब्रोमला तो घाव बसतो आणि नुकत्याच जाग्या होणाऱ्या देशी गवतांना मोकळी जागा मिळते. त्या जागेत देशी गवते पुरेशी शिल्लक असायला हवीत, नाहीतर ब्रोमच परत भरून निघते. आगीची वेळ महिनाभर आधी धरली तर फायदा उलट ब्रोमला होतो.

म्हणून शेजारी मूळ प्रेअरीचा तुकडा असेल तर तिथे ब्रोम नव्याने पेरू नये, असे मला ठामपणे वाटते. वैरणीसाठी इतर शेते आहेत. नांगर न लागलेली प्रेअरी फार थोडी उरली आहे.

चीटग्रास म्हणजे हेच का?

नाही. ते ब्रोमस टेक्टोरम, लांब कुसळांचे एकवर्षायू तण. पश्चिम अमेरिकेत ते लवकर वाळते आणि वणव्यांना इंधन पुरवते. वंश एक, स्वभाव पूर्ण वेगळा.

महाराष्ट्रात लावता येईल का?

नाही. आपल्याकडे पाऊस पडतो तेव्हा उष्मा असतो, आणि उन्हाळ्यातला चाळिशीपार पारा या गवताला सोसणार नाही. तुऱ्यासाठी लागणारी लांबलचक थंडीही आपल्याकडे नाही. हिमालयाच्या थंड पट्ट्यातली गोष्ट वेगळी. आपल्या माळरानाला मारवेल, पवना, डोंगरी गवत हीच योग्य. रब्बीत गारव्यातली हिरवी, पानाळ वैरण हवी असेल तर ओट घ्या. तोही सी-३ पद्धतीचाच आहे आणि राहुरी कृषी विद्यापीठाचा फुले हरिता हा वाण उपलब्ध आहे. बागायतीत वर्षभराच्या हिरव्या चाऱ्यासाठी संकरित नेपियर आणि लसूणघास यांची जोडी आहेच.

तिकडून येताना प्रयोगापुरते मूठभर बी आणले तर?

आणू नका. भारतात बियाणे आणायला २००३ च्या वनस्पती संगरोध आदेशाप्रमाणे आयात परवाना आणि निर्यात करणाऱ्या देशाचे वनस्पती आरोग्य प्रमाणपत्र लागते. गवताच्या बियाण्यात तणांचे बी सहज मिसळलेले असते आणि खिशातून आलेली पुडी कोणी तपासत नाही. अभ्यासासाठी नमुना हवाच असेल तर कृषी विद्यापीठामार्फत किंवा झाशीच्या भारतीय चराऊ कुरण आणि चारा संशोधन संस्थेमार्फत रीतसर विचारणा करावी.